मामाच्या कॅसेटमधलं अर्धवट गाणं : बीटल्सचे बाहेर न आलेले टेक कुणी जमवतं का?

मधुमालती (४ ऑगस्ट, रात्री ९:४०)

मामाला जाऊन दोन वर्षं झाली. गेल्या महिन्यात सदाशिव पेठेतलं त्याचं घर रिकामं केलं आणि पोटमाळ्यावरच्या कॅसेटी माझ्या वाट्याला आल्या. बिस्किटांच्या पत्र्याच्या डब्यात एकेचाळीस कॅसेटी, प्रत्येकीला वेगळी प्लॅस्टिकची पिशवी. मामा बँकेत होता. संध्याकाळी आला की चहा घेऊन खोलीचं दार लोटायचा आणि हेडफोन लावून बसायचा. आम्ही पोरं विचारायचो, काय ऐकतोस रे? तो म्हणायचा, "तेच ते, पुन्हा."

बहुतेक कॅसेटींवर भीमसेन, कुमार, मन्सूर. एकीवर मात्र त्याच्या बारीक अक्षरात लिहिलंय : "बीटल्स. स्टुडिओतले टेक. बाजारात नाहीत. १९८९."

बीटल्सची नेहमीची गाणी मला माहीत आहेत. यातली अर्धी मी कधीच ऐकली नव्हती. आणि 'आयॅम लुकिंग थ्रू यू' हे माहितीचं गाणं इथे वेगळंच आहे. ठेका वेगळा, टाळ्या वाजतायत आणि मध्ये चाल जिथे वर चढते तो भागच नाही. त्या जागी नुसती वाद्यं. आधी वाटलं, मामाने भरताना तेवढं पुसलं गेलं असेल, पण गाणं तुटत नाही, सलग चालू राहतं. कॅसेटच्या कागदावर त्या गाण्यापुढे मामाने काहीतरी लिहिलंय. "मधला भाग" एवढं वाचता येतं, पुढची शाई ओल लागून पसरली आहे.

हे नक्की काय आहे? आणि ते टिकवायचं कसं?

रीळ (४ ऑगस्ट, रात्री १०:२५)

ताई, पहिली विनंती : आता ती कॅसेट पुन्हा वाजवू नका. ऑगस्ट आहे. पुण्यातल्या पोटमाळ्यावरून उतरलेल्या कॅसेटला बुरशी असण्याची शक्यता फार. टॉर्च तिरका धरून खिडकीतून टेपच्या गुंडाळीकडे बघा. कडेला पांढरट ठिपके किंवा जाळं दिसलं तर ती टेप डेकच्या हेडवर बुरशी सोडेल आणि पुढच्या प्रत्येक कॅसेटला लावेल. ठिपके नसतील तर एकदा पूर्ण पुढे आणि पूर्ण मागे फिरवून घ्या, म्हणजे चिकटलेले वेढे सुटतील.

आत ते पत्र्याच्या पट्टीवरचं छोटं स्पंज आहे ना, टेपला हेडवर दाबणारं, ते जुन्या कॅसेटींत गळून पडतं. तेही बघून घ्या.

आणि मला एक सांगा. पहिलं गाणं कोणतं आणि शेवटचं कोणतं? मधली जमतील तेवढी द्या, पण क्रमाने.

मधुमालती (५ ऑगस्ट, सकाळी ८:०५)

बुरशी नाही. मामाने पिशवीत ती ओल शोषणारी पुडी टाकली होती. स्पंजही जागेवर आहे.

पहिलं 'कम अँड गेट इट'. मग 'लीव्ह माय किटन अलोन', 'नॉट गिल्टी', मग आपलं ते. त्यानंतर एक विचित्र, मेरी जेनचं. पुढे 'हाउ डू यू डू इट', 'बेसामे मूचो', 'वन आफ्टर ९०९'... शेवटी नाताळचं गाणं.

रीळ (५ ऑगस्ट, दुपारी १:३०)

मग तुमच्या मामांकडे 'सेशन्स' होती. जी कंपनीने बनवली आणि कधीच विकली नाही, त्या रेकॉर्डची नक्कल. मला आज ऑफिसात काम सुचलं नाही, म्हणून जेवणाच्या सुटीत लिहितोय.

बीटल्स लंडनला ॲबी रोडवरच्या, ईएमआय या त्यांच्या रेकॉर्ड कंपनीच्या स्टुडिओत ध्वनिमुद्रण करत. जून १९६२ मध्ये पहिल्यांदा तिथे गेले तेव्हापासून पुढच्या टेपा कंपनीच्या कपाटांत होत्या. सुरुवातीच्या काळातल्या बऱ्याच टेपा काम झाल्यावर राहिल्या नाहीत, पण १९६३च्या उत्तरार्धापासूनचा साठा मोठा आहे. १९८०च्या दशकाच्या सुरुवातीला जॉन बॅरेट नावाच्या तिथल्याच एका इंजिनियरने या सगळ्या टेपा एकेक करून ऐकल्या आणि त्यांची नोंद केली. तो तेव्हा कॅन्सरने आजारी होता आणि हे काम त्याने त्या दिवसांत केलं. पुढे जे काही जगाला कळलं, त्याच्या मुळाशी त्या माणसाच्या नोंदी आहेत. मी हे टेक ऐकायला बसतो तेव्हा तो मला नेहमी आठवतो.

१९८३च्या उन्हाळ्यात ॲबी रोडचा दोन नंबरचा स्टुडिओ लोकांसाठी उघडला होता आणि आत बसवून त्यांना न ऐकलेले टेक ऐकवले. प्रेक्षकांतल्या काहींनी लपवून नेलेल्या रेकॉर्डरवर ते टिपले. घुमणारा, खोकल्यांनी भरलेला आवाज, पण तोही हातोहात फिरला. मग ईएमआयने ठरवलं की रीतसर रेकॉर्डच काढू. जेफ एमरिक, ज्याने 'रिव्हॉल्व्हर' आणि 'सार्जंट पेपर'चं ध्वनिमुद्रण केलं होतं, त्याने १९८४ मध्ये तेरा गाणी मिक्स केली. नाव 'सेशन्स'. १९८५ मध्ये येणार होती. हयात असलेल्या बीटल्सनी हरकत घेतली आणि ती थांबली. प्रती मात्र बाहेर गेल्या होत्या. त्यातलीच एक नक्कल फिरत फिरत सदाशिव पेठेत पोचली.

नवखा_श्रोता (५ ऑगस्ट, संध्याकाळी ६:१२)

रीळ, मला या विषयातलं काहीच कळत नाही पण वाचायला फार आवडतंय. टेक म्हणजे नक्की काय? एका गाण्याचे किती टेक असायचे? आणि 'आउटटेक' म्हणजे नापास झालेला टेक का?

गिरगावकर (५ ऑगस्ट, रात्री ८:५०)

रीळ ट्रेनमध्ये असतील, मी सांगतो.

गाणं पहिल्यापासून वाजवायला सुरुवात केली की कंट्रोल रूममधून आवाज येतो, "टेक वन". तोही टेपवर उमटतो. मध्येच कुणी चुकलं, थांबले, की पुढचा आकडा. दोन सुरांत गाणं फसलं तरी एक आकडा खर्च झाला. त्यामुळे 'नॉट गिल्टी'ला ऑगस्ट १९६८ मध्ये आकडा १०२ पर्यंत गेला, आणि इतकं करून ते त्या वर्षीच्या 'व्हाइट अल्बम'वर आलंच नाही! जॉर्ज हॅरिसनने पुढे १९७९ मध्ये स्वतःच्या रेकॉर्डवर ते नव्याने केलं. उलट 'ट्विस्ट अँड शाउट' पहिल्याच टेकला झालं. ११ फेब्रुवारी १९६३, एका दिवसात दहा गाणी, आणि हे सगळ्यात शेवटी, जॉन लेननचा घसा बसलेला असताना.

आता गुंतागुंत. ऑक्टोबर १९६३ पासून त्यांना चार ट्रॅकचं मशीन मिळालं, म्हणजे एकाच टेपवर चार आवाज वेगवेगळे टिपता येणारं. चारही भरले की ते एकत्र करून दुसऱ्या टेपवर उतरवायचे, म्हणजे पुढे जागा मोकळी. या उतरवण्यालाही नवा टेक नंबर. म्हणून "टेक ९" म्हणजे नववा प्रयत्न असेलच असं नाही. कधी तो पाचव्याचीच नक्कल असतो, वर नवीन वाद्य चढवलेली.

नापास हा शब्द मला रुचत नाही. काही टेक फसले म्हणून राहिले, काही फार चांगले होते पण बेत बदलला म्हणून राहिले. 'स्ट्रॉबेरी फील्ड्स'चा २४ नोव्हेंबर १९६६चा पहिला टेक ऐका. किती साधा, किती हळवा. मी तो जन्मभर ऐकू शकेन. पण जॉनला तो पुरेसा वाटला नाही.

रीळ (५ ऑगस्ट, रात्री ११:०५)

गिरगावकर, तुम्ही त्या गाण्याचं नाव काढलंत, आता मला झोप नाही.

नवखा, तुमच्यासाठी हे एकच गाणं पुरेल. पहिला टेक झाला. मग त्यांनी ते बदललं, संथ केलं, टेक ७ झाला. मग जॉन म्हणाला, अजून काहीतरी हवं. डिसेंबरात त्यांचा निर्माता जॉर्ज मार्टिन याने ट्रम्पेट आणि चेलो लिहून दिले, जोरकस तालवाद्यं आली, टेक २६ झाला. मग जॉनला दोन्ही आवडले. सुरुवात सातव्यातली आणि उरलेलं सव्विसाव्यातलं घ्या म्हणाला. लय वेगळी, पट्टी वेगळी. मार्टिन आणि एमरिकने एकाचा वेग वाढवला, दुसऱ्याचा कमी केला आणि २२ डिसेंबरला दोन्ही जोडले. साधारण एका मिनिटावर तो सांधा आहे. एकदा कळला की पुन्हा न ऐकू येणं शक्य नाही.

१, ७ आणि २६ हे तिन्ही टेक आता २०१७च्या 'सार्जंट पेपर'च्या मोठ्या संचात रीतसर मिळतात. पण मी १९९२ साली ते एका मित्राच्या कॅसेटवर ऐकले, दादरच्या त्याच्या खोलीत, पंखा बंद करून. तोपर्यंत मला वाटायचं की गाणं असंच असतं, ते असंच जन्मलं. त्या रात्री कळलं की ते आधी ठरलेलं नव्हतं. चार माणसं एका खोलीत बसून ठरवत होती, आणि ठरवताना त्यांनाही माहीत नव्हतं. तेव्हापासून मी हे जमवतोय.

खर्ज (६ ऑगस्ट, सकाळी ७:२०)

धागा छान, पण एक वेगळं मत मांडतो. रीळ, राग मानू नका.

'सेशन्स'मधली तेराच्या तेरा गाणी १९९५-९६च्या 'अँथॉलॉजी'च्या, म्हणजे जुन्या टेकच्या अधिकृत संचाच्या वेळी अधिकृतपणे आली, नाताळचं गाणं त्याच वेळच्या एका सिंगलच्या मागच्या बाजूला. २०१७ पासून 'सार्जंट पेपर', 'व्हाइट अल्बम', 'ॲबी रोड', 'लेट इट बी', 'रिव्हॉल्व्हर' सगळ्यांचे मोठे संच आले. आवाज मूळ टेपवरून घेतलेला, स्वच्छ. मग चौथ्या-पाचव्या नकलेची सरसरती कॅसेट कशाला जपायची? आणि त्यातल्या कित्येक टेपा चोरून बाहेर आल्या, हेही विसरू नये. ज्या गायकाने म्हटलं की हे बाहेर जायला नको, त्याचा शब्द मोडून आपण ऐकतो. आपल्याकडे एखाद्या बुवांच्या घरी रियाजाच्या वेळी दाराआड रेकॉर्डर लावला तर चालेल का आपल्याला?

रीळ (६ ऑगस्ट, सकाळी ९:१५)

खर्ज, राग कसला. तुमच्या दुसऱ्या मुद्द्याला माझ्याकडे पूर्ण उत्तर नाही. त्यावर मी कित्येक वर्षं विचार केलाय. मी एक पथ्य पाळतो : यासाठी कधी पैसे दिले नाहीत, घेतले नाहीत, आणि अधिकृत संच निघाला की पहिल्या आठवड्यात विकत घेतो. याने चोरी धुऊन निघते असं मी म्हणत नाही.

पहिल्या मुद्द्याला मात्र उत्तर आहे. अधिकृत म्हणजे जसं घडलं तसं, असं धरू नका. 'अँथॉलॉजी'वरचं 'येस इट इज' हे टेक २ आणि टेक १४ जोडून केलेलं आहे. ऐकायला सुंदर आहे, मला आवडतंही, पण तो क्षण स्टुडिओत कधी घडलाच नव्हता. तुम्ही टेक २ चा शेवट शोधायला गेलात तर त्या रेकॉर्डवर तो नाही. 'हेल्टर स्केल्टर'चा १८ जुलै १९६८चा २७ मिनिटांचा टेक आहे, २०१८च्या संचात त्याच दिवसाचा जवळपास १३ मिनिटांचा टेक २ आला, पण तो लांबलचक टेक अजूनही कपाटात आहे. आणि 'कार्निव्हल ऑफ लाइट'! ५ जानेवारी १९६७, जवळपास चौदा मिनिटं, लंडनच्या एका प्रकाश-ध्वनीच्या कार्यक्रमासाठी केलेला आवाजांचा खेळ. तो अधिकृतही नाही आणि चोरूनही आलेला नाही. जमवणाऱ्यांतल्या कुणाकडेच नाही.

सांगलीची_लेक (६ ऑगस्ट, दुपारी ४:००)

खर्ज यांचा बुवांचा मुद्दा महत्त्वाचा आहे, कारण मी त्याच्या दुसऱ्या बाजूला वाढले. आमच्या वडिलांकडे खासगी मैफलींच्या दोनशेच्या वर कॅसेटी. देवळात, कुणाच्या दिवाणखान्यात, पहाटेपर्यंत चाललेल्या. त्या घेताना बहुतेक वेळा गवयांना समोर रेकॉर्डर दिसत असे, म्हणजे तो लपवाछपवीचा मामला नव्हता. पण खरं सांगू? आज त्यातल्या साठेक कॅसेटी निरुपयोगी आहेत. टेप चांगल्या आहेत, पण वर काही लिहिलेलं नाही. कोण, कधी, कुठे, तबल्यावर कोण, काहीच नाही. वडिलांना सगळं तोंडपाठ होतं. ते गेले आणि ती माहिती त्यांच्याबरोबर गेली.

मधुमालती, तुमच्या मामाने कागदावर लिहून ठेवलं, ही फार मोठी गोष्ट आहे. कॅसेटपेक्षा आधी तो कागद जपा. ओल लागलेल्या कागदाचा फोटो काढा, दोन्ही बाजूंचा, आजच.

फोर्टातली (६ ऑगस्ट, रात्री ९:३०)

आउटटेकचा विषय आणि मुंबईचं नाव अजून कुणी काढलं नाही, म्हणून लिहिते.

जानेवारी १९६८ मध्ये जॉर्ज हॅरिसन मुंबईत आला आणि त्याने इथे ध्वनिमुद्रण केलं. एचएमव्हीचा स्टुडिओ, फोर्टात फिरोजशाह मेहता रस्त्यावर युनिव्हर्सल इन्शुरन्स बिल्डिंगमध्ये. 'वंडरवॉल' या चित्रपटाच्या संगीतासाठी. बासरीवर हरिप्रसाद चौरसिया, संतूरवर शिवकुमार शर्मा, सरोदवर आशिष खान, तारशहनाईवर विनायक व्होरा. केवढी माणसं एका खोलीत! स्टुडिओत एकच मोनो मशीन होतं, म्हणून ईएमआयचे इथले प्रमुख भास्कर मेनन यांनी कलकत्त्याहून रेल्वेने दोन ट्रॅकचं मशीन आणवलं. आवाज बाहेरून यायचा. जॉर्जने पुढे सांगितलंय की संध्याकाळी ऑफिसं सुटली की जिन्यावरून उतरणाऱ्या लोकांच्या पावलांचा आवाज इतका यायचा की थांबावं लागायचं. मी त्या रस्त्यावर बारा वर्षं नोकरी केली. साडेपाचची ती पावलं म्हणजे काय, हे मला कुणी सांगायला नको.

तिथेच १२ जानेवारीला 'द इनर लाइट'चं वादन झालं. आवाज फेब्रुवारीत लंडनला चढवला आणि मार्चमध्ये 'लेडी मॅडोना' या सिंगलच्या मागच्या बाजूला ते आलं. म्हणजे बीटल्सच्या एका गाण्याचं सगळं वादन मुंबईत झालेलं आहे. आणि त्याचा दुसरा एक टेक, गाण्याशिवायचा, २०१४च्या 'वंडरवॉल म्युझिक'च्या आवृत्तीत मिळतो. हेडफोनवर ऐकाल तर कळेल, मूळ गाण्यात जॉनच्या गिटारीसारखी परकी वस्तू काही नाहीच, आणि या टेकमध्ये तर जॉर्जचा आवाजही नाही. फक्त आपली माणसं.

गिरगावकर (६ ऑगस्ट, रात्री १०:१०)

फोर्टातली, तुमचे आभार. यात एक भर घालतो. 'रिव्हॉल्व्हर'च्या मूळ वेष्टनावर तबलावादक म्हणून अनिल भागवत हे नाव छापलेलं आहे. लंडनमध्ये, ११ एप्रिल १९६६, 'लव्ह यू टू'. तेव्हा बाहेरच्या वादकाचं नाव वेष्टनावर छापणं रिवाजात नव्हतं. २०२२च्या संचात त्या गाण्याचा पहिला टेक आणि एक सरावाचा तुकडा आहे. पहिल्या टेकमध्ये नुसती साधी गिटार आणि गळा आहे. सतार-तबल्याचं गाणं म्हणून आपण जे ओळखतो ते तिथे अजून सतार-तबल्याचं झालेलं नाही.

मधुमालती (७ ऑगस्ट, सकाळी ११:४५)

मी किती दिवस मामाला नुसतं एकटा समजत होते. तुम्हा सगळ्यांचं वाचून असं वाटतंय की तो एकटा नव्हता.

कागदाचे फोटो काढले. आता कॅसेट कॉम्प्युटरवर घ्यायची आहे. शेजारच्या काकांचा चांगला डेक मिळालाय. एक अडचण : सगळ्या गाण्यांत आवाज किंचित बालिश वाटतात, म्हणजे वेग जास्त असावा. तो मूळ गाण्याशी जुळवून दुरुस्त करू का?

रीळ (७ ऑगस्ट, दुपारी १२:३०)

मूळ, म्हणजे रेकॉर्डवर आलेल्या गाण्याशी अजिबात जुळवू नका! इथे भलेभले फसतात.

बीटल्स स्वतःच टेपचा वेग बदलायचे. 'व्हेन आयॅम सिक्स्टी फोर' त्यांनी एका पट्टीत गायलं आणि मिक्स करताना जवळजवळ अर्ध्या सुराने वर चढवलं, पॉल मॅकार्टनीचा आवाज तरुण वाटावा म्हणून. त्याचा टेक रेकॉर्डशी जुळवलात तर खरा आवाज खोटा कराल. 'रेन'चं उलटं : वाद्यं जलद वाजवली आणि टेप हळू केली. १४ एप्रिल १९६६चा त्याचा टेक ५ मूळ वेगात 'रिव्हॉल्व्हर'च्या संचात दिलाय. ऐका, माणसं किती धावत वाजवतायत ते कळेल.

तुमचं सोपं आहे. 'सेशन्स'मधलं प्रत्येक गाणं आता अधिकृत आलंय, तोच टेक. त्या अधिकृत टेकशी पट्टी जुळवा. चार-पाच गाण्यांत फरक सारखाच आला तर दोष डेकचा किंवा नक्कल करणाऱ्याच्या डेकचा, आणि मग सगळी कॅसेट एकाच मापाने खाली आणा. प्रत्येक गाणं वेगळं ओढू नका.

दोन गोष्टी आणखी. आधी जसा आहे तसा आवाज साठवा, काही न पुसता, सरसर तशीच ठेवून, वाव (WAV) किंवा फ्लॅक (FLAC) फाइलमध्ये, त्यात आवाज गाळला जात नाही. एमपीथ्री करू नका. दुरुस्ती नेहमी नकलेवर करा. आणि डेकच्या हेडजवळचा छोटा स्क्रू फिरवून हेडचा कोन जुळवता येतो. तो इतका फिरवा की सरसर सगळ्यात टोकदार ऐकू येईल. ऐकायला ते वाईट वाटेल, पण झांजांचा आवाजही तिथेच आहे. काकांचा डेक आहे, म्हणून आधी त्यांना विचारा आणि काम झालं की स्क्रू होता तिथे परत आणा.

खर्ज (७ ऑगस्ट, रात्री ८:४०)

माझं मत थोडं हललं, हे कबूल. दिवसभर 'रेन' दोन्ही वेगांत ऐकत होतो.

पण एक धोक्याची सूचना मलाही द्यायची आहे. आता इंटरनेटवर जे "न ऐकलेले टेक" म्हणून फिरतं त्यातलं खूप बनावट आहे. २००९ मध्ये बीटल्सचा व्हिडिओ गेम आला, त्यातून गाण्यांचे वेगवेगळे ट्रॅक लोकांनी बाहेर काढले. त्यातली गिटार बंद करून, ढोल मागे करून "पहिला टेक" म्हणून कुणीही टाकतो. 'हॅव यू हर्ड द वर्ड' नावाचं गाणं तर कित्येक वर्षं बीटल्सचं हरवलेलं गाणं म्हणून बूटलेगवर, म्हणजे चोरून काढलेल्या रेकॉर्डांवर, विकलं गेलं. ते १९७० साली 'द फट' नावाने निघालेली रेकॉर्ड होती, त्यात बी जीज या बँडपैकी मॉरिस गिब होता. त्यामुळे कुठून आलं हे माहीत नसलेला टेक म्हणजे सांगलीच्या ताईंच्या त्या साठ कॅसेटी.

रीळ (७ ऑगस्ट, रात्री ९:५५)

अगदी मान्य. म्हणून मी प्रत्येक फाइलबरोबर साधी अक्षरांची फाइल ठेवतो : कुणाकडून, कोणत्या कॅसेटवरून, कोणत्या डेकवर, काय दुरुस्ती केली. जुने जमवणारे हे फार निगुतीने करत. १९८८ मध्ये 'अल्ट्रा रेअर ट्रॅक्स' नावाच्या बूटलेग सीडी आल्या, मूळ टेपच्या तोडीचा आवाज, तेव्हा सगळ्यांना धक्का बसला होता, कारण आतापर्यंतची धडपड गढूळ नकलांतून अंदाज बांधण्याची होती. त्याच वर्षी मार्क ल्युइसोनचं रेकॉर्डिंग सत्रांचं पुस्तक आलं. तारीख, टेक, कोण काय वाजवत होतं, सगळं. पुस्तक एका हातात आणि कॅसेट दुसऱ्या हातात, अशी आम्ही रात्र रात्र ताडून बघायचो.

आणि जानेवारी १९६९ च्या त्या नाग्रा टेपा. 'लेट इट बी' चित्रपटाच्या कॅमेऱ्यांबरोबर चालणारी, आवाज टिपणारी दोन नाग्रा मशीनं, सोळा-सोळा मिनिटांची रिळं, महिनाभर. त्यातल्या पाचेकशे टेपा चोरीला गेल्या होत्या, त्या २००३ मध्ये पोलिसांना ॲम्स्टरडॅमजवळ सापडल्या. खर्ज, तुमचा चोरीचा मुद्दा इथे अगदी उघडा आहे. तरी त्या आवाजातूनच जमवणाऱ्यांनी ८३ सीडींचा क्रमवार संच लावला होता, दिवसामागून दिवस, फुकट वाटण्यासाठी. त्यात 'गेट बॅक' हे गाणं पॉल बसल्या बसल्या बेस गिटार खरवडता खरवडता कसं शोधतो ते ऐकलं होतं आम्ही. २०२१ मध्ये पीटर जॅक्सनच्या माहितीपटात तो क्षण सगळ्या जगाने पाहिला. मी तेव्हा घरच्यांना बसवून दाखवला आणि मला बोलताच येईना.

नवखा_श्रोता (८ ऑगस्ट, सकाळी ६:५०)

काल रात्री 'स्ट्रॉबेरी फील्ड्स'चे तिन्ही टेक ओळीने ऐकले आणि मग जोडलेलं. सांधा सापडला. पुन्हा पुन्हा तिथेच जाऊन येतोय.

मधुमालती (१० ऑगस्ट, रात्री १०:२०)

झालं. दोन्ही बाजू घेतल्या. काकांनी स्क्रू स्वतः फिरवला आणि स्वतःच परत लावला. सगळी कॅसेट सारख्याच मापाने जलद होती, आता आवाज मोठ्या माणसांचे झाले.

'आयॅम लुकिंग थ्रू यू' अधिकृत टेकशी ताडून पाहिलं. 'अँथॉलॉजी'च्या दुसऱ्या भागात आहे : टेक १, २४ ऑक्टोबर १९६५. नोव्हेंबरात त्यांनी ते गाणं पुन्हा नव्याने केलं आणि मग तो वर चढणारा भाग आला. म्हणजे मामाच्या कॅसेटमध्ये काही पुसलं गेलं नव्हतं. तो भाग त्या दिवशी नव्हताच.

सांगलीच्या ताई, तुम्ही फोटो काढायला सांगितलात म्हणून कळलं. नुसत्या डोळ्यांना शाईचा डागच दिसत होता. फोटो मोठा करून, खिडकीपाशी तिरक्या उजेडात पुन्हा काढून, मी आणि आईने एकेक अक्षर लावलं. मामाने लिहिलं होतं :

"मधला भाग नाही. अजून सुचला नसेल."

१९८९ साली त्याच्याकडे पुस्तक नव्हतं, इंटरनेट नव्हतं. नुसतं ऐकून लिहिलं होतं. आई तो कागद हातात धरून बराच वेळ बसली. मग तिने पेन मागितलं आणि त्या ओळीखाली, तिच्या अक्षरात, टेक नंबर आणि तारीख लिहिली.